वेळ सांभाळतं कोण? मुंबईच्या ३९ मिनिटांची गोष्ट

मागच्या व्याख्यानात आपण काळाच्या स्वरूपाविषयी बोललो. तास-दीड तास बोलून झाल्यावर मागच्या रांगेतल्या एका आजींनी हात वर केला. म्हणाल्या, "काळ म्हणजे काय ते मला काही नीट कळलं नाही, पण ते राहू द्या. माझ्या भिंतीवरच्या घड्याळाला बरोबर वेळ कोण सांगतं, तेवढं सांगा." सभागृहात हशा पिकला, आम्हीही हसलो. घरी गेल्यावर मात्र तो प्रश्न डोक्यातून जाईना. तीस-पस्तीस वर्षं तत्त्वज्ञान शिकवलं, पण हा प्रश्न आम्ही वर्गात एकदाही विचारला नव्हता. म्हणून आजचं व्याख्यान त्या आजींच्या प्रश्नाला.

सुरुवातीला एक कल्पना करू. समजा, कुठेतरी एक अकादमी आहे. जुनी दगडी इमारत, लांब पडव्या, आत काही गंभीर चेहऱ्याची माणसं. त्यांचं काम एकच, काळ स्थिर ठेवायचा. तो पुढे पळू द्यायचा नाही, मागे रेंगाळू द्यायचा नाही. गोष्टीत शोभावी अशी ही संस्था. पण आज आपण पाहणार आहोत की अशा संस्था खरोखरच होत्या आणि आहेत. आणि त्यांच्याबद्दल विचारायचा खरा प्रश्न असा की, त्या काळ स्थिर ठेवतात म्हणजे नेमकं काय स्थिर ठेवतात, आणि कोणासाठी?

आपल्याकडे वेळ सांभाळण्याचं जुनं साधन म्हणजे घटिकापात्र. तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडायची. ती भरून बुडाली की एक घटका झाली. घटका म्हणजे २४ मिनिटं, आणि अशा ६० घटकांचा एक अहोरात्र. लग्नघरी जोशीबुवा या वाटीची पूजा करून तिच्यावर नजर ठेवून बसत. 'घटका भरली' असं आपण आजही म्हणतो ते या वाटीमुळेच. आता इथे एक बारकावा बघा. घटका मोजायची ती सूर्योदयापासून, आणि सूर्योदय गावोगावी वेगळा. नागपूरचा सूर्य मुंबईच्या सूर्याच्या साधारण २५ मिनिटं पुढे असतो, पुण्याचा चार मिनिटं पुढे. पंचांगकर्त्यांना हे पक्कं ठाऊक होतं. प्रत्येक गावाची वेळ त्या गावाची, यात कुणाला काही चमत्कारिक वाटत नव्हतं.

आमच्या दर्शनांनीही यावर विचार केला होता. वैशेषिकांच्या मते काळ हे द्रव्य आहे. तो एक आहे, नित्य आहे, सर्वव्यापी आहे. मग क्षण, दिवस, महिना हे भेद कुठून येतात? तर ते उपाधींमुळे, म्हणजे सूर्याच्या गतीसारख्या बाहेरच्या गोष्टींमुळे. काळ अखंड, तुकडे आपण पाडलेले. हे सूत्र लक्षात ठेवा. पुढची सगळी भांडणं उपाधी कोणती घ्यायची याचीच आहेत.

ही गावोगावची व्यवस्था मोडली ती रेल्वेनं आणि तारेनं. १८५३ मध्ये बोरीबंदर ते ठाणे गाडी धावली, तेव्हा वेळेचा प्रश्न फारसा आला नाही, कारण ठाणं काही लांब नव्हे. १८७० मध्ये मुंबई आणि कलकत्ता रेल्वेनं जोडले गेले आणि मग अडचण झाली. मुंबईची वेळ ग्रिनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे, कलकत्त्याची सुमारे ५ तास ५४ मिनिटं पुढे. दोन शहरांत तासाहून जास्त फरक. वेळापत्रक कोणत्या वेळेनं छापायचं? एकेरी रुळावर समोरासमोर दोन गाड्या यायच्या असतील, तर हा प्रश्न केवळ सोयीचा राहत नाही, जिवावरचा होतो. रेल्वेनं मधला मार्ग काढला. मद्रासची वेळ घेतली, कारण ती दोघांच्या साधारण मध्ये पडते, आणि मद्रासला १७९२ पासून वेधशाळा होती. ग्रिनिचच्या ५ तास २१ मिनिटं पुढे, म्हणजे मुंबईहून बरोबर अर्धा तास पुढे.

मुंबईकडेही स्वतःचे वेळरक्षक होते. कुलाब्याची वेधशाळा ईस्ट इंडिया कंपनीनं १८२६ मध्ये उभारली ती मुळात जहाजांसाठी. समुद्रावर आपलं रेखांश काढायचं तर खलाशाजवळ अचूक वेळ हवी, आणि ती देणारा कुणीतरी किनाऱ्यावर हवा. तेव्हा आपल्या गोष्टीतली ती अकादमी मुंबईपुरती कुलाब्याला होती असं म्हणायला हरकत नाही.

१८८१ मध्ये पहिली ठिणगी पडली. गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन यांच्या सरकारनं मुंबईच्या सरकारी कचेऱ्यांत मद्रास वेळ लागू केली. लोक भडकले. शहराची घड्याळं एक वेळ दाखवणार आणि कचेरी दुसऱ्याच वेळेला उघडणार! विद्यापीठाच्या राजाबाई टॉवरला बांधून तेव्हा तीनच वर्षं झाली होती. त्या घड्याळानं कोणती वेळ दाखवायची यावरही वाद झाला. शेवटी १८८३ मध्ये सरकारनं माघार घेतली आणि मुंबई वेळ परत आली. पुढे पंचवीस वर्षांनी जे घडणार होतं त्याची ही रंगीत तालीम होती.

दरम्यान १८८४ मध्ये वॉशिंग्टनला परिषद भरली. २५ देशांचे प्रतिनिधी आले आणि ग्रिनिच हे जगाचं शून्य रेखांश ठरलं. फ्रान्सनं मतदान केलं नाही. आपल्याला वाटतं की वेळेबद्दल भावनिक होणं हा आपलाच दोष. तसं काही नाही. फ्रान्सनं पुढे १९११ मध्ये कायदा केला तेव्हाही ग्रिनिचचं नाव घेतलं नाही. कायद्यात शब्दयोजना अशी केली की फ्रान्सची वेळ म्हणजे पॅरिसची सरासरी वेळ, ९ मिनिटं २१ सेकंद मागे घेतलेली. ती ग्रिनिचचीच वेळ, पण नाव पॅरिसचं. आमच्या मुंबईकरांचा अभिमान यापुढे काहीच नाही.

आता १९०६. १ जानेवारीपासून ८२.५ अंश पूर्व रेखांशावर आधारलेली प्रमाणवेळ लागू झाली. ग्रिनिचच्या साडेपाच तास पुढे. रेल्वे आणि तारखात्यानं ती आदल्याच वर्षी घेतली होती. कलकत्त्याला घड्याळ २४ मिनिटं मागे करायचं होतं, मुंबईला ३९ मिनिटं पुढे. काळ बघा कोणता. बंगालच्या फाळणीला तीन महिनेही झालेले नव्हते. स्वदेशीची लाट होती. अशा वेळी सरकार म्हणतं, तुमचा सूर्य चुकीचा, घड्याळ पुढे करा. कलकत्त्यानं आपली वेळ १९४८ पर्यंत टिकवली. मुंबईत महापालिकेनं १९०६ मध्येच आपल्या घड्याळांवर मुंबई वेळ ठेवण्याचं ठरवलं. सर फिरोजशहा मेहतांसारखा माणूस या बाजूनं उभा होता. नवी वेळ लोकांना न विचारता लादली गेली, हा आक्षेपाचा गाभा होता. १९५० च्या दशकापर्यंत मुंबई वेळ शहरात कुठे ना कुठे जिवंत होती. आमचे आजोबा गिरगावातले. कुणी किती वाजता यायचं सांगितलं की ते हटकून विचारायचे, "जुने की नवे?" लहानपणी आम्हाला वाटायचं ते पैशांबद्दल बोलतायत, कारण नवे पैसे तेव्हाच आले होते.

पण या वादात आणखी एक माणूस होता. पेपरात पत्रं लिहिणारा नव्हे, गिरणीत जाणारा. त्याच्याकडे घड्याळ नव्हतं. त्याचं घड्याळ म्हणजे गिरणीचा भोंगा. आता हिशेब करा. भोंगा सहाला होत असेल आणि घड्याळ ३९ मिनिटं पुढे केलं, तर जुन्या हिशेबानं तो ५ वाजून २१ मिनिटांनीच होणार. जानेवारी महिना, बाहेर अंधार. बाईमाणसाला त्याहून तासभर आधी उठून चूल पेटवायची. तुम्ही म्हणाल, संध्याकाळी तो तितकाच लवकर सुटेल ना? हिशेबानं हो. पण त्याला विश्वास का वाटावा? त्याच सुमारास गिरण्यांमध्ये विजेचे दिवे आले होते. पूर्वी सूर्य मावळला की काम थांबायचं, आता दिव्याखाली ते तेरा-चौदा तासांपर्यंत ताणता येऊ लागलं. पुरुष कामगारांसाठी १२ तासांची मर्यादा कायद्यानं आली ती १९११ मध्ये. ज्याच्या दिवसाची लांबी मालक आधीच ओढतोय, त्याला घड्याळ हलवलेलं दिसलं तर तो दचकणारच. १९०६ च्या जानेवारीत मुंबईच्या गिरणी कामगारांनी या नव्या वेळेविरुद्ध दंगा केला तो यामुळे. त्याला अडाणीपणा म्हणणं सोपं आहे. आम्हाला तो बरोबर वाचलेला अनुभव वाटतो.

मुंबईची बाजू मात्र सगळीच बरोबर होती असं नाही. तीही तपासून घेऊ. 'आमचा सूर्य, आमची वेळ' हा युक्तिवाद ऐकायला छान आहे. पण मुंबई वेळ तरी सूर्याची कुठे होती? ती सरासरी सौरवेळ होती. वर्षातले काही दिवस सोडले तर सावलीचं घड्याळ आणि सरासरीचं घड्याळ जुळत नाही. फरक कधी कधी १६ मिनिटांपर्यंत जातो. म्हणजे मुंबई वेळ हीसुद्धा गणितानं काढलेली, वेधशाळेत बसून ठरवलेली गोष्ट होती. आणि प्रत्येक गावाला आपला सूर्य हवा म्हटलं, तर नागपूरनं मुंबईचं का ऐकावं? आजही आसामच्या चहामळ्यांत घड्याळ तासभर पुढे लावतात. चायबागान वेळ म्हणतात तिला. त्यांचा सूर्य लवकर उगवतो, ते तरी काय करणार?

तेव्हा 'नैसर्गिक वेळ विरुद्ध कृत्रिम वेळ' असा हा सामना नव्हताच. दोन्ही वेळा माणसांनी ठरवलेल्या. फरक एवढाच की एक जण विचारून ठरवत होता आणि दुसरा न विचारता. वैशेषिकांच्या भाषेत सांगायचं तर उपाधी दोन्हीकडे होत्या. भांडण होतं ते उपाधी निवडण्याच्या अधिकाराचं.

याच सुमारास पॅरिसमध्ये एक गृहस्थ हाच प्रश्न वेगळ्या बाजूनं सोडवत होते. आंरी प्वांकारे. थोर गणिती, पण त्याचबरोबर पॅरिसच्या रेखांश मंडळाचे सदस्य. हे मंडळ १७९५ मध्ये फ्रेंच राज्यक्रांतीच्या काळात स्थापन झालं. तारेनं वेळ पाठवून दूरदूरच्या ठिकाणांचे रेखांश ठरवणं हा त्या काळी त्याच्या कामाचा भाग होता. १८९८ मध्ये प्वांकारेंनी काळाच्या मोजणीवर एक निबंध लिहिला. त्यात त्यांचं म्हणणं असं की दोन कालखंड समान आहेत हे आपल्याला थेट जाणवत नाही, आणि दूरच्या दोन घटना एकाच वेळी घडल्या हेही थेट जाणवत नाही. आपण काही नियम निवडतो. ते खरे असतात म्हणून नाही, तर सोयीचे असतात म्हणून. तत्त्वज्ञानाच्या वर्गात आम्ही हा निबंध अनेकदा शिकवला. पण तो लिहिणारा माणूस तारेच्या वेळसंकेतांची काळजी वाहणाऱ्या मंडळावर होता, याकडे आमचं लक्ष बरंच उशिरा गेलं. हवेतून आलेला विचार नव्हता तो. कचेरीच्या टेबलावरून आलेला होता.

आता आजींच्या घड्याळाकडे येऊ. १९५५ मध्ये इंग्लंडच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत लुई एसेन आणि जॅक पॅरी यांनी सीझियमच्या अणूवर चालणारं पहिलं भरवशाचं घड्याळ बनवलं. तोपर्यंत सेकंद म्हणजे दिवसाचा ८६,४०० वा भाग होता, म्हणजे पृथ्वी हेच घड्याळ होतं. पण पृथ्वी काही एकसारखी फिरत नाही. भरती-ओहोटीच्या घर्षणानं ती हळूहळू मंदावते, आणि मधेच थोडी वेगानंही फिरते. १९६७ मध्ये सेकंदाची नवी व्याख्या झाली. सीझियम-१३३ अणूच्या एका विशिष्ट प्रारणाची ९,१९२,६३१,७७० आवर्तनं म्हणजे एक सेकंद. माणसानं सूर्याकडे पाहून वेळ ठरवणं तत्त्वतः तिथे संपलं.

आज जगाची वेळ ठरते ती पॅरिसजवळ सेव्र इथल्या आंतरराष्ट्रीय वजनमाप संस्थेत. गोष्टीतल्या अकादमीच्या सगळ्यांत जवळ जाणारी जागा हीच. आणि तिथलं कामकाज फार गमतीचं आहे. तिथे जगाचं एखादं मुख्य घड्याळ टिकटिक करत ठेवलेलं नाही. जगभरच्या ऐंशीच्या आसपास प्रयोगशाळांतून चारशेहून अधिक अणुघड्याळांची नोंद तिथे जाते. आपल्या दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेचीही जाते. मग त्यांची सरासरी काढतात. ज्या घड्याळाची चाल भरवशाची, त्याच्या मताला जास्त वजन. पण कोणतंही एक घड्याळ शिरजोर होऊ नये म्हणून वजनाला वरची मर्यादा. आणि हा निकाल पत्रकातून जाहीर होतो पुढच्या महिन्यात. म्हणजे या क्षणी जगाची अचूक वेळ काय आहे, हे या क्षणी कुणालाच ठाऊक नसतं. प्रत्येक देशाची प्रयोगशाळा आपला उत्तम अंदाज देते आणि नंतर कळतं की आपण किती नॅनोसेकंदांनी चुकलो. जगातली सगळ्यांत स्थिर गोष्ट ही अशी, एकमेकांच्या चुका तपासत, मागाहून ठरणारी आहे.

पण घड्याळ इतकं स्थिर झालं आणि जुनं भांडण पुन्हा उभं राहिलं. अणूचा दिवस आणि पृथ्वीचा दिवस जुळेना. १९७२ पासून तोडगा निघाला लीप सेकंदाचा. फरक वाढला की एक सेकंद जास्तीचा घालायचा, म्हणजे घड्याळ सूर्याला फार सोडून जाणार नाही. आतापर्यंत असे २७ सेकंद घातले गेले. शेवटचा २०१६ च्या अखेरीला. आपल्याकडे तो १ जानेवारी २०१७ च्या पहाटे साडेपाचच्या आधी आला. आपण बहुतेक झोपलेले होतो, चुकला असेल तर वाईट वाटून घेऊ नका.

संगणकवाल्यांना हा सेकंद आवडत नाही. ६१ सेकंदांचं मिनिट यंत्रांना पचत नाही. २०१२ च्या जूनअखेरच्या सेकंदानं अनेक संगणक प्रणाली अडखळल्या होत्या. शेवटी २०२२ मध्ये वजनमापांच्या जागतिक परिषदेनं ठरवलं की २०३५ पर्यंत सूर्य आणि घड्याळ यांच्यातल्या फरकाची मर्यादा वाढवायची. म्हणजे हळूहळू घड्याळाला सूर्यापासून थोडं मोकळं सोडायचं.

ओळखीचं वाटतंय ना? १९०६ चाच वाद. एका बाजूला सूर्य, दुसऱ्या बाजूला तारा. तेव्हा तारखात्याच्या तारा, आता संगणकाच्या. फरक तेव्हा ३९ मिनिटांचा होता, आता काही सेकंदांचा. त्यामुळे या वेळी कुणी दगड उचलला नाही. आणि या वेळी निदान देशोदेशींचे प्रतिनिधी समोरासमोर बसले, वर्षानुवर्षं वाद घातला, मग ठरवलं. प्रगती झाली असेल तर ती घड्याळात झाली त्यापेक्षा या पद्धतीत झाली, असं आमचं मत आहे.

शेवटी एक आठवण सांगून थांबतो. आम्ही ज्या महाविद्यालयात शिकवत होतो, तिथे तास सुटायचा तो शिपायाच्या घंटेनं. रुळाचा तुकडा टांगलेला होता, त्यावर हातोडा मारायचा. आमचे शिपाईमामा रोज सकाळी आकाशवाणीच्या बातम्यांवर आपलं मनगटी घड्याळ लावून यायचे. कुणी त्यांना सांगितलेलं नव्हतं. आमच्यातल्या कुणाच्या कधी लक्षातही आलं नाही. एका वर्षी परीक्षेच्या दिवसांत ते आजारी पडले. बदलीच्या माणसाच्या घड्याळात पाच मिनिटं पुढे होती. त्यानं घंटा दिली, आणि आम्ही पर्यवेक्षकांनी उत्तरपत्रिका गोळा करायला सुरुवात केली. ज्या मुलांच्या हातात घड्याळ होतं ती भांडली, त्यांना आम्ही पाच मिनिटं दिली. मागच्या बाकावर एक मुलगी होती, खेड्यातून येणारी. तिच्या हातात घड्याळ नव्हतं. तिनं घंटा ऐकली, मुकाट्यानं उत्तरपत्रिका दिली आणि निघून गेली. शेवटचा प्रश्न अर्धा होता तिचा. ती गेल्यावर ते आमच्या लक्षात आलं. आम्ही जिन्यापर्यंत धावत गेलो, पण ती फाटकाबाहेर पडली होती.

आजी, आज तुम्ही आलात की नाही माहीत नाही. तुमच्या घड्याळाला वेळ सांगतात ते दिल्लीतले काही शास्त्रज्ञ, सेव्रमधले काही गणिती आणि सीझियमचे काही अणू. त्यांचं काम चोख आहे. घड्याळाबद्दल निर्धास्त असा. फक्त कुणी ते पुढे-मागे करायला निघालं, तर ज्याच्या हातात घड्याळ नाही त्याला विचारलंत का, एवढं तेवढं विचारत जा. आम्ही त्या दिवशी विचारलं नाही.

आता तुमचे प्रश्न घेऊ.